कौल, अपील आणि बापूसाहेब नेवरेकर

बापूसाहेब नेवरेकर वकिलांना मी प्रथम पाहिले, तेव्हा ते माझ्या शत्रूच्या ओटीवर बसून आंबोळ्या खात होते. गौरवग्रंथातल्या लेखाची सुरुवात अशी करू नये, एवढे मलाही कळते. पण संपादकांनी ‘प्रथम परिचयापासून लिहावे’ असे कळवले आहे, आणि प्रथम परिचय हाच आहे. आंबोळ्यांबरोबर नारळाचा गोड रस होता. वकीलसाहेब तो वाटीने पीत होते आणि खोत आतल्या माणसांना ‘आणखी वाढा’ म्हणून ओरडत होते. त्याच दिवशी सकाळी मला नोकरीवरून काढल्याचा हुकूम माझ्या हातात पडला होता. हुकमावर सही त्याच खोतांची होती.

मी कोण, ते सांगते. रत्नागिरीला लागून असलेल्या एका गावात मी मुलींच्या शाळेची हेडमिस्ट्रेस होते. गावाचे नाव लिहीत नाही. ज्यांना ठाऊक आहे त्यांना ठाऊक आहे, आणि ज्यांना नाही त्यांचे त्यावाचून काही अडत नाही. शाळा सार्वजनिक, गावच्या स्कूल कमिटीच्या ताब्यातली. कमिटीचे अध्यक्ष गावचे खोत. त्यांना सगळे दादा म्हणतात. माझे शिक्षण मुंबईला कॉन्व्हेंटात झाले, कारण वडील तिथे कस्टम्सच्या नोकरीत होते आणि घरात मुलगी रिकामी बसलेली त्यांना खपत नसे. कॉन्व्हेंटात शिकलेली, लग्न न केलेली आणि छत्री घेऊन एकटी रस्त्याने चालणारी बाई गावाला संशयास्पद वाटली. मलाही गाव संशयास्पद वाटले. त्या बाबतीत कोणी कोणाचे देणे लागत नव्हते.

आता वाचकांना एक गंमत सांगते. हेच दादा खोत आज बापूसाहेबांच्या साठीच्या गौरवसमितीचे अध्यक्ष आहेत. हा लेख मागणारे पत्र त्यांच्याच सहीने आले. ते मी दोनदा वाचले आणि मागे काही लिहिले आहे का म्हणून उलटूनही पाहिले. लेख छापण्यापूर्वी त्यांनी वाचायला मागितला आहे. वाचावा. एक ओळ जरी काढली, तरी पुढे कोणाकडे जायचे असते, ते बापूसाहेबांनीच मला शिकवून ठेवले आहे.

माझ्यावरचे आरोप दोन होते. पहिला उद्धटपणाचा. दादांच्या पुतणीचे लग्न होते आणि वऱ्हाड खेडहून येणार होते. वऱ्हाडाला उतरायला शाळेची इमारत द्यावी, लग्न उरकेपर्यंत मुलींना सुट्टी द्यावी, असा निरोप आला. मी म्हटले, मुलींची परीक्षा तोंडावर आहे, शाळा चालू राहील. दादांना वाटले, बाई बोलतात तेवढेच. ऐनवेळी दार उघडतील. वऱ्हाड आले तेव्हा आत पाढे चालू होते. नवऱ्यामुलाचे मामा, जरीचा रुमाल बांधलेले, फणसाखाली ट्रंकेवर बसून राहिले. नव्या व्याह्यांसमोर दादांची जी शोभा झाली, ती झालीच. मी त्याला नाही म्हणत नाही.

दुसरा आरोप असा, की मी मुलींना परधर्माची प्रार्थना शिकवते. मधल्या सुट्टीत मुली कातळावर हुंदडून आल्या की वर्गात कावळ्यांची शाळा भरे. तेव्हा मी त्यांना डोळे मिटून, हात खाली सोडून, क्षणभर उभे राहायला लावत असे. आमच्या कॉन्व्हेंटातल्या सिस्टरची ही युक्ती. तोंडाने काही म्हणायचे नाही. पण डोळे मिटून उभ्या असलेल्या मुली कोणीतरी खिडकीतून पाहिल्या आणि त्या दिवसापासून मी गावाचा धर्म बुडवायला आले होते.

हुकमात लिहिले होते, ‘योग्य चौकशीअंती आपणांस सेवेतून दूर करण्यात येत आहे.’ चौकशी कधी झाली, कोणी केली, मला पत्ता नव्हता. मला कोणी एका शब्दाने विचारलेले नव्हते. अशा हुकमाचा अर्थ काय होतो, हे पुरुषांना सांगावे लागते म्हणून सांगते. परधर्माचा ठपका ठेवून काढलेल्या बाईला जिल्ह्यातली दुसरी शाळा उभी करत नाही. मला गिरगावात भावाच्या दोन खोल्यांत जाऊन, वहिनीच्या हाताखाली, जन्मभर पाहुणी म्हणून राहावे लागले असते. नोकरी गेली तर माझे म्हणावे असे काहीच उरत नव्हते.

त्या संध्याकाळी बापूसाहेब माझ्या बिऱ्हाडी आले. न बोलावता. बाहेरच उभे राहिले.

“मास्तरीणबाई, हुकूम दाखवता का?”

“खोतांनी पाठवलंय?” मी विचारले.

“खोतांनी आंबोळ्या वाढल्या. पाठवलं कुणी नाही.”

त्यांनी हुकूम वाचला. ‘योग्य चौकशीअंती’ या शब्दांवर त्यांचे बोट थांबले आणि तिथेच थोडा वेळ राहिले. मग चिमूटभर तपकीर ओढून म्हणाले, “माझ्याकडेच या, असं मी म्हणत नाही. रत्नागिरीत वकील पुष्कळ आहेत. पण ज्या कोणाकडे जाल त्याला सांगा, याच्यावर वर अपील आहे आणि अपिलाला मुदत आहे. रागाच्या भरात ती जाऊ देऊ नका.” एवढे बोलून ते निघून गेले.

मला हे मुळीच आवडले नाही. शत्रूच्या घरचे खाऊन उठलेला माणूस त्याच संध्याकाळी आपल्याला फुकट सल्ला द्यायला येतो, तेव्हा शहाण्या बाईने दाराला कडी घालावी. मी घातली. पण सल्ला मात्र कडीबाहेर ठेवता आला नाही.

इतर सल्लेही येत होतेच. भावाचे पत्र आले, ‘सरळ दिवाणी दावा ठोक, कोर्टात खेच सगळ्यांना.’ एक वर्तमानपत्रवाले येऊन म्हणाले, “बाई, तुम्ही फक्त बोला, आम्ही छापतो.” शेजारच्या काकू म्हणाल्या, “अगो, दादांच्या पाया पड आणि मोकळी हो. पाया पडायला काय लागतं?” मला स्वतःला कोर्ट हवे होते. भर कोर्टात दादांना पिंजऱ्यात उभे करून मी काय काय विचारीन, ते मी मनाशी रोज घोकत होते. शेवटी मी बापूसाहेबांकडे गेले ते, खरे सांगायचे तर, दाव्याचे कागद करून घ्यायला आणि त्यांचे खोतांशी काय शिजते आहे ते जवळून पाहायला.

“दावा नाही,” ते म्हणाले. “आधी अपील.”

“का? कोर्ट मोठं नाही का?”

“मोठं आहे म्हणूनच. न्यायाधीश पहिलाच प्रश्न विचारतील, बाई, वर अपिलाचं दार होतं, ते ठोठावलंत का? तुम्ही म्हणाल, नाही. ते म्हणतील, मग आधी ते ठोठावून या. तोवर अपिलाची मुदत संपलेली. म्हणजे हेही दार बंद आणि तेही.”

“बरं. अपील द्यायचं कुठे?”

“शिक्षणखात्यातल्या वरिष्ठांकडे. कमिटीच्या अध्यक्षांमार्फत.”

“अध्यक्षांमार्फत? म्हणजे ज्यांनी काढलं त्यांच्याच हातात?”

“त्यांच्याच.”

“आणि त्यांनी ते चुलीत घातलं तर?”

“नाही घालणार. त्याची व्यवस्था माझी.”

घरी येताना माझी खात्री झाली, की हा मनुष्य खोतांचाच आहे. चौकशी केली तर काय कळावे! बापूसाहेबांचे मूळ घर त्याच गावातले. दोघे लहानपणी एकाच विहिरीत पोहायला शिकलेले. ग्रामदेवीच्या देवळात दोन्ही घरांचा मान. त्याच आठवड्यात मी दोघांना देवळातून बरोबर उतरताना पाहिले. बापूसाहेबांच्या हातात प्रसादाचा नारळ होता आणि दादा त्यांच्या खांद्यावर हात टाकून हसत होते. मी रस्त्याच्या दुसऱ्या बाजूला झाले. बापूसाहेबांनी मला पाहिले, पण त्यांना त्याचे काही वाटल्याचे दिसले नाही.

अपिलाच्या मसुद्याने तर कळसच केला. मी तो स्वतः लिहून नेला होता, चांगला भरघोस. त्यात दादांच्या अक्कलहुशारीबद्दल दोन परिच्छेद होते, जे मी आजही उत्तम मराठी गद्य समजते. बापूसाहेबांनी ते मला मोठ्याने वाचायला लावले. मी वाचत गेले आणि ते बोट वर करत गेले. बोट वर झाले की वाक्य गेले. शेवटी जेमतेम एक पान उरले.

“माझं चारित्र्य, माझी नोकरी, माझ्या मुलींचे निकाल, सगळं काढलंत तुम्ही!”

“चारित्र्य काढलं की प्रत्येक जण त्यावर मत देतो,” ते म्हणाले. “वरचे साहेब वाचून हसले तरी अपील गेलं, चिडले तरी गेलं. त्यांना फक्त एक प्रश्न पडला पाहिजे. काढण्यापूर्वी हिला विचारलं होतं की नाही? बस्स.”

“आणि यात दादांना दोष कुठे दिलाय?”

“कोणी सांगितलं द्यायला?”

मी सही केली. केली ती रागाने. वकील बदलायला आता मुदत उरली नव्हती, हेही त्यांनी बरोबर साधले होते, असे मला तेव्हा वाटले.

अपील दादांच्या हातात देण्याचा प्रसंग मात्र मी कधी विसरणार नाही. बापूसाहेबांनी कमिटीच्या सभेचा दिवस धरला. सगळे सभासद बसलेले असताना आम्ही दोघे आत गेलो.

“हे काय, बापू?” दादा म्हणाले.

“बाईंचं अपील. तुमच्यामार्फत वर जायचं आहे.”

“माझ्याविरुद्धचं अपील मीच पाठवू?”

“नियम तसा आहे.”

“आणि नाही पाठवलं तर?”

“तर काय? मी वर कळवीन, अध्यक्ष घाबरले.”

“घाबरतो कोण!” दादा ताडकन म्हणाले आणि सगळ्यांच्या देखत शिक्का उमटवून त्यांनी तो कागद टपालात टाकायला दिला. रामशेट म्हणून एक व्यापारी सभासद होते, ते उपरण्यात तोंड घालून हसत होते. बापूसाहेबांच्या चेहऱ्यावर काहीही नव्हते. बाहेर आल्यावर मी म्हटले, “छान नाटक केलंत.” ते म्हणाले, “दादा भित्रे नाहीत, हे मला लहानपणापासून ठाऊक आहे. त्याचा उपयोग नको करायला?”

बापूसाहेबांच्या कामाची रीत हीच. ज्याच्याशी भांडायचे त्याचा चांगला गुण कोणता, ते आधी शोधायचे. आणि पायरी एकही गाळायची नाही. खेडकडचे एक तलाठी निलंबित झाल्यावर रागाने राजीनामा लिहूनच त्यांच्याकडे आले होते. मी तेव्हा त्यांच्या ओसरीवर होते. बापूसाहेबांनी राजीनामा मागून घेतला, नीट घडी केली आणि डगमगणाऱ्या टेबलाच्या पायाखाली सारला. म्हणाले, “इथे त्याचा उपयोग आहे. तिकडे पाठवलात तर उद्या म्हणतील, आम्ही काढलंच नाही, हे स्वतः गेले. मग अपील कशावर करणार?” तो गृहस्थ रडायला आला होता. गेला तो हसत. टेबल मात्र खरोखरच डगमगायचे थांबले.

आता त्यांच्या मनाच्या मोठेपणाबद्दल लिहायचे, असे संपादक सांगतात. अपील वर गेल्यावर उत्तराची वाट पाहण्याचे दिवस आले. गावात माझ्याकडे कोणी येईना. कालपर्यंत ‘बाई, बाई’ करणाऱ्या मुलींना त्यांच्या आया हाताला धरून पलीकडून नेऊ लागल्या. तेव्हा एक दिवस बापूसाहेबांच्या पत्नी, आम्हा सगळ्यांच्या वहिनी, मुलीला घेऊन आल्या. म्हणाल्या, “आमच्या सुशीचं इंग्रजी ऐकवत नाही हो. हे घरात बसून शिकवतात, तर ती वकिलासारखी इंग्रजी बोलायला लागलीय. जेवायला बोलावलं तर विचारते, कोणत्या आधारावर?” मला कीव नको होती. मी तसे तोंडावर म्हटले. वहिनी म्हणाल्या, “कीव कसली? दोन तास तिला सांभाळून बघा, मग तुम्हीच आमची कीव कराल.” मी रोज त्यांच्याकडे शिकवायला जाऊ लागले. बापूसाहेबांचा घरात एकच दंडक होता. मी आले की सगळ्यांनी उठून उभे राहायचे, आणि हाक मारायची ती ‘हेडमिस्ट्रेसबाई’ अशी. “कमिटीने काढलं आहे,” ते म्हणाले, “पण अपील चालू आहे. अपील चालू असेपर्यंत या घरात तुम्ही काढलेल्या नाहीत.” आणि स्वतःही उठून उभे राहत. हे खरोखर मनापासून होते की अशिलाला गोड बोलून गप्प ठेवण्याची युक्ती होती, याचा मी तेव्हा निकाल लावू शकले नाही. पण त्या दिवसांत दुसरे कोणीही माझ्यासाठी उभे राहत नव्हते, एवढे खरे.

यथावकाश शिक्षणखात्याचे वरिष्ठ अधिकारी रत्नागिरीला आले आणि डाक बंगल्यावर सुनावणी ठेवली गेली. साहेब देशावरचे, कोकणात नवीन, उकाड्याने हैराण झालेले. एका बाजूला दादा आणि त्यांचे सभासद, सगळे स्वच्छ कोट घालून. दुसऱ्या बाजूला बापूसाहेब आणि मी. मी मुद्दे पाठ करून गेले होते. बापूसाहेबांनी मला आधीच बजावले होते, “तुम्ही आज बोलायचं नाही. आज दादा बोलणार आहेत.” हे ऐकून माझा संशय पक्का झाला.

बापूसाहेब उभे राहिले. “हुकमात ‘योग्य चौकशीअंती’ असं लिहिलं आहे. दादा, चौकशी कोणी केली?”

“आम्ही केली. मी आणि सगळ्या सभासदांनी.”

“बाईंना विचारलंत?”

“त्यांना काय विचारायचं? त्या थोड्याच खरं सांगणार! जिच्यापुढे खोटं चालत नाही, तिला विचारलं.”

साहेबांनी मान वर केली. “कोणाला?”

“देवीला.”

“या देवीबाई कमिटीच्या सभासद आहेत का?” साहेबांनी विचारले.

कोणी हसले नाही. दादा उठून उभे राहिले आणि त्यांनी हात जोडले, साहेबांना नव्हे. “आमची ग्रामदेवी ती, साहेब. आम्ही मनचं काही केलेलं नाही. कमिटीत दोन मतं पडली. म्हटलं, उगाच बाईमाणसाच्या पोटावर पाय नको यायला. स्नान करून, उपाशीपोटी, मी स्वतः कौल लावला. ओल्या पाकळ्या मूर्तीला लावतात. उजवीकडची आधी पडली तर होकार. बाईंना काढावं का, म्हणून विचारलं. उजवी पडली.” आणि मग अगदी सरळपणे म्हणाले, “याहून मोठी चौकशी कोणती?”

कोकणाबाहेरच्या वाचकांना हे थट्टेचे वाटेल. पण दादा थट्टा करत नव्हते आणि ते खोटेही बोलत नव्हते. त्यांच्या दृष्टीने चौकशी पूर्ण झालेली होती, आणि ती वरच्याहून वरच्या ठिकाणी झालेली होती. माझ्या दृष्टीने मात्र मी एका पाकळीपायी रस्त्यावर आले होते! मी ताडकन उठले. बापूसाहेबांनी माझ्याकडे न पाहताच हात आडवा केला. “मास्तरीणबाई, बसा.”

मग ते दादांकडे वळले. आवाज असा, जसे दोघे ओटीवर बसले आहेत. “देवीच्या कौलाबद्दल मला काही म्हणायचं नाही. मीही तिचाच आहे. फक्त एक आठवण विचारतो. आपल्या वडिलांच्या वेळी तुमच्या आणि आमच्या घरात हद्दीच्या गडग्यावरून भांडण झालं, तेव्हा कौल लावला होता ना?”

“लावला होता की. मी होतो तिथे. तूही होतास, नाक पुसत.”

“तेव्हा माझे वडील कुठे होते?”

“कुठे म्हणजे? समोर! देवीपुढे उभे. ज्याचं भांडण तो समोर नको? दोन्ही बाजूंचं गाऱ्हाणं झाल्याशिवाय कौल लावतात होय कुठे? तसा लावला तर तो कौल कसला…”

दादा बोलता बोलता थांबले.

बापूसाहेबांनी अगदी हळू विचारले, “बाईंचं गाऱ्हाणं कोणी घातलं, दादा?”

मागून रामशेट पुटपुटले, “मी तेव्हाच म्हटलं होतं.” दादा मागे न वळता म्हणाले, “तू गप रे.” आणि खाली बसले. बापूसाहेब आणखी एक अक्षर बोलले नाहीत. विजयाची संधी समोर वाढून ठेवलेली असताना हात आखडून बसणारा वकील मी तेव्हा प्रथमच पाहिला. नंतरही दुसरा पाहिलेला नाही.

साहेबांनी हुकूम रद्द केला. बाईंना कामावर घ्यावे. आरोप चालवायचे असतील, तर ते बाईंना लेखी कळवावेत, त्यांचे म्हणणे ऐकावे आणि मगच काय ते ठरवावे.

मी बाहेर येऊन बापूसाहेबांवर तुटून पडले. “हे काय मिळवलंत? मी निर्दोष आहे, असं कुठे लिहिलंय यात? पुन्हा त्यांच्याच पुढे मला उभं राहायचंय!”

“हो,” ते म्हणाले. “पण मागच्या खेपेला तुम्ही तिथे नव्हता. या खेपेला आहात. मला तुमची काळजी वाटत नाही. आता मला त्यांची वाटते.”

कमिटीची सभा झाली. या वेळी मला खुर्ची दिली होती. बापूसाहेबांना आत बोलता येणार नव्हते, म्हणून ते बाहेर पडवीत बसून राहिले. वऱ्हाडाबद्दल मी म्हटले, “पाहुणे उन्हात बसले हे खरं. तेव्हा मुली वर्गात बसल्या होत्या, हेही खरं. शाळा कशासाठी बांधली आहे, ते तुम्हीच ठरवा.” दादांनी मिशीवर हात फिरवला आणि पुढचा आरोप घ्यायला सांगितला.

“डोळे मिटून प्रार्थना कोणाची करवता?”

“सगळे उठून उभे राहा,” मी म्हटले.

“कशाला?”

“चौकशी करताय ना? मग करा नीट. हात खाली. डोळे मिटा. रामशेट, तुम्हीसुद्धा.”

वर्गात वापरते तोच आवाज मी वापरला असणार, कारण अध्यक्षांसकट कमिटी उठून उभी राहिली. खोलीत शांतता झाली. इतकी, की पडवीत बापूसाहेब शिंकले ते दचकवून गेले. मग मी म्हटले, “उघडा. आता सांगा, कोणाकोणाच्या मनात परधर्म आला?”

दादा म्हणाले, “मला देवी दिसली.” एक जण म्हणाले, “मला आमचा मुंबईचा मुलगा आठवला, पत्र नाही त्याचं.” रामशेट जरा अवघडून म्हणाले, “मला म्हैस आठवली. आज-उद्या व्यायची आहे.” आणि मग सगळी खोली हसली. दादाही.

आरोप गळाले. फक्त एका सभासदांना वाटत होते, की बाईंना निदान सक्त समज द्यावी आणि तशी नोंद करावी. तेवढ्यात पडवीतून आवाज आला, “समज देण्यावरही अपील आहे हो!”

“नको, नको,” दादा घाईने म्हणाले. “पुन्हा त्या बंगल्यावर नको. बाई, उद्यापासून शाळा चालवा.”

कौलाची हकीकत बापूसाहेबांना त्या आंबोळ्या खातानाच कळली होती, हे पुढे वहिनींकडून समजले. मला शेवटपर्यंत सांगितली नाही. “सांगितली असती, तर तुम्ही ती वर्तमानपत्रात घातली असतीत,” ते म्हणाले, “आणि देवीची थट्टा झाली म्हणून दादा तोंड मिटून बसले असते.” हे पटण्यासारखे आहे. पण माझा एक संशय अजून गेलेला नाही. ती गडग्याची गोष्ट फारच बरोबर वेळी निघाली आणि दादांनी तिचे उत्तर फारच सरळ दिले. देवळातून उतरताना खांद्यावर हात टाकून दोघे कशाला हसत होते? आपल्या चुकीतून मान न घालवता बाहेर पडायला दादांना वाट हवी होती, आणि ती बापूसाहेबांनी आधीच दाखवून ठेवली होती की काय? मी दादांना विचारले. ते म्हणाले, “मला काय ठाऊक, त्यालाच विचारा.” बापूसाहेबांना विचारले. ते म्हणाले, “तुम्हाला हुकूम रद्द झालेला हवा होता, की दादा हरलेले हवे होते?” मी म्हटले, “दोन्ही.” म्हणाले, “मग दोन अपिलं करायला हवी होती.” याला मी उत्तर समजत नाही. संशय मी चालू ठेवला आहे. ज्या माणसावर इतकी वर्षे बारीक नजर ठेवूनही काही वाईट सापडले नाही, त्याच्याबद्दल याहून चांगली साक्ष दुसरी कोणी काय देणार?

त्या शाळेत मी पुढे वयोमानाने निवृत्त होईपर्यंत राहिले. शेवटच्या दिवशी कमिटीने मला बोलावून, उभे राहून विचारले, “बाई, आपलं काही म्हणणं आहे?” तो प्रश्न विचारण्याचा प्रघात आता त्या कमिटीत शिपायापासून सगळ्यांना लागू आहे. माझे म्हणणे पुष्कळ होते. ते त्यांनी ऐकून घेतले. दिवे लावावे लागले.

बापूसाहेबांना साठ वर्षे पूर्ण झाली. त्यांनी तपकीर कमी करावी, थंड पाण्याने स्नानाचा हट्ट सोडावा आणि वहिनींचे एखादे तरी म्हणणे अपिलाशिवाय मान्य करावे. त्यांना निरोगी, दीर्घ आयुष्य लाभो, असे सगळेच लिहितील; मला ते इतक्या मोघमपणे सोडवत नाही. वरून बोलावणे कधीतरी प्रत्येकालाच येते. बापूसाहेबांना ते धाडण्यापूर्वी धाडणाऱ्याने नियमाप्रमाणे आधी त्यांचे म्हणणे मागवावे. बापूसाहेब म्हणणे द्यायला मुदत मागतील. ती द्यावी. पुन्हा मागतील, पुन्हा द्यावी. मुदती घेण्यात त्यांचा हात धरणारा या जिल्ह्यात कोणी नाही, आणि इथे आम्हा कोणालाच घाई नाही.